खारे दाणे, वेफर्स आणि वळवाच्या पावसात बिघडलेलं चॉकलेट

मे महिन्यात आमच्या कोल्हापूरच्या मंगळवार पेठेतल्या घरी दुपारी चार पोरं असतात. माझी लेक, बहिणीचा मुलगा आणि समोरच्या वहिनींची दोन. बायको कामावर, मी घरून काम करणारा, म्हणजे पोरांच्या हिशेबानं रिकामाच. लेकीनं मोबाईलवर एक व्हिडिओ दाखवला. त्यात प्रेट्झेल नावाचं, वेटोळं घातलेलं खारं बिस्कीट चॉकलेटात बुडवून वर मीठ भुरभुरवत होते. "बाबा, हे करूया." मी हो म्हणालो. करायला दहा मिनिटं लागतील, असं व्हिडिओत म्हटलं होतं.

प्रेट्झेल शोधण्यात एक अख्खी संध्याकाळ गेली. राजारामपुरीत एका मोठ्या दुकानात परदेशी पाकीट दिसलं, पण त्याची किंमत वाचून ते जागेवर ठेवलं. परतताना कोपऱ्यावरच्या भट्टीवाल्याकडून खारे दाणे घेतले, नेहमीसारखे, आणि चालता चालता डोक्यात आलं की खारटच हवं असेल तर आपल्याकडं काय कमी आहे? दाणे, बटाट्याचे वेफर्स, केळ्याचे वेफर्स, बेकरीतली खारी, जिरा बटर. लेकीनं यादीत भडंग घातलं. मी हसलो. ती हसली नाही.

चॉकलेटचा पहिला धडा त्याच रात्री मिळाला. घरातल्या दोन खायच्या वड्या वितळवल्या, तर ते बासुंदीपेक्षा दाट झालं आणि बिस्किटावर लेप बसला तो सकाळपर्यंत बोटाला चिकटत होता. दुसऱ्या दिवशी लक्ष्मीपुरीत केकचं सामान विकणाऱ्या दुकानात गेलो. दुकानदारानं ऐकून घेतलं आणि म्हणाला, "दादा, खायचं चॉकलेट वेगळं, वितळवायचं वेगळं." त्यानं डार्क कंपाउंडचा अर्ध्या किलोचा स्लॅब पुढं सरकवला.

घरी येऊन वाचलं तेव्हा फरक कळला. चांगल्या चॉकलेटात कोकोची स्वतःची चरबी असते, कोको बटर. ती 34 अंशांच्या आसपास वितळते, म्हणून चॉकलेट जिभेवर विरघळतं. पण एकदा वितळवलं की ते पुन्हा तसंच चकचकीत, कडक होण्यासाठी ठरावीक तापमानाला नेऊन, उतरवून, परत थोडं चढवावं लागतं. त्याला टेम्परिंग म्हणतात. डार्क असेल तर 45 ते 50 पर्यंत तापवा, 28 च्या आसपास आणा, मग 31-32 वर ठेवा. चार पोरं घेऊन हे करणारा माणूस मला भेटला, तर मी त्याच्या पाया पडेन. कंपाउंडमध्ये कोको बटरऐवजी दुसरी वनस्पतीची चरबी असते, त्यामुळं ही सगळी कसरत टळते. वितळवा, बुडवा, गार करा. चव थोडी खालची असते, हे खरंच आहे. पण खाऱ्या दाण्याबरोबर ती खालची चव कुणाला कळत नाही, हे मी आता खात्रीनं सांगतो.

तर शनिवारी दुपारी चारला बसलो. अर्धा स्लॅब चिरला, काचेच्या वाडग्यात घातला, मायक्रोवेव्हचं दार उघडलं आणि वीज गेली. बाहेर आभाळ काळं झालेलं. दहा मिनिटांत वळीव असा कोसळला की समोरच्या वहिनी पोरांना न्यायलाही येऊ शकल्या नाहीत. पोरं चेकाळलेली. मग गॅसवर पातेल्यात पाणी, त्यावर वाडगा. पाणी वाडग्याच्या बुडाला लागू द्यायचं नाही आणि खळाखळा उकळू द्यायचं नाही, एवढं मला माहीत होतं. चॉकलेट छान वितळलं. काळं, गुळगुळीत, चमच्यावरून रिबिनीसारखं पडणारं.

मग पाखरं आली. वळीव ओसरला की पंखांची पाखरं दिव्यावर झेपावतात, कोल्हापूरकरांना सांगायला नको. आम्ही चार्जिंगचा दिवा लावलेला आणि पाखरं त्या दिव्याभोवती, भिंतीवर, ताटात. माझ्या आईनं शहाणपणानं वाडग्यावर झाकण ठेवलं. "चॉकलेटात पाखरू पडलं म्हणजे?" मी पोरांना बटर पेपर कापायला लावत होतो, लक्ष नव्हतं. पाच मिनिटांनी झाकण काढलं, तर आतल्या बाजूनं थेंब थेंब वाफ जमलेली. दोनचार थेंब सरळ आत पडले.

मी ढवळलं. ढवळता ढवळता रिबीन नाहीशी झाली. चॉकलेट जड झालं, मग रवाळ, मग ओल्या वाळूसारखा गोळा. भाचा म्हणाला, "मामा, सिमेंट झालं." खरंच तसं दिसत होतं.

आईला मी नंतर समजावलं. चॉकलेटात साखर आणि कोको यांचे बारीक कण चरबीत तरंगत असतात. तिथं थोडंसं पाणी गेलं की ते कण ओले होऊन एकमेकांना चिकटतात आणि सगळ्याचा गोळा होतो. चमचाभर पाण्यानंही घात होतो. गंमत अशी की याच्यावर उपायही पाणीच आहे. भरपूर घातलं तर साखर विरघळते आणि गोळा सैल होतो. पण मग ते बुडवायच्या कामाचं राहत नाही, कारण ते वाळून कडक होत नाही. आईनं हे सगळं ऐकायच्या आधीच, गोळ्याकडं बघून, "दूध गरम करून घाल की," म्हटलं होतं. आयुष्यभर गुळाचा पाक करणारी बाई. पाक झाला का बघायला ती गार पाण्याच्या वाटीत थेंब टाकून बोटानं गोळी करून बघते. तिच्या सगळ्या कलेत पाणी हा साक्षीदार, आणि इथं तोच वैरी. दूध घातल्यावर मस्त सॉस झाला. त्या रात्री दिव्याच्या उजेडात सहा जणांनी चपाती चॉकलेटला लावून खाल्ली. दाणे तसेच राहिले.

रविवारी सकाळी सातला परत बसलो. हवा गार, वीज आलेली, पाखरं झाडून टाकलेली. पोरांना बाकीचे नियम नंतर, पहिला नियम एकच: हात कोरडे, चमचे कोरडे, ओट्यावर पाण्याचा तांब्या नाही. प्रत्येकाला एकेक फडकं दिलं. उरलेलं पाव किलो चॉकलेट मायक्रोवेव्हमध्ये निम्म्या ताकदीवर अर्धा-अर्धा मिनिट तीन वेळा ठेवलं, दर वेळी बाहेर काढून ढवळलं. शेवटी चारपाच खडे शिल्लक असतानाच थांबलो. काच गरम असते, बाकीचं काम तीच करते. मनगटावर थेंब टाकून पाहिला, बाळाच्या बाटलीचं दूध बघतात तसा. कोमट लागला म्हणजे पोरांनी बोट लावलं तरी भाजणार नाही.

दाण्यांचं सगळ्यात सोपं. सालं फुंकून काढली, वाटीभर दाणे आणि तेवढंच चॉकलेट, चमच्यानं बटर पेपरवर छोटे ढीग. समोरच्या वहिनींना आदल्या दिवशीच विचारून घेतलं होतं, शेंगदाण्याचा त्रास कुणाला नाही ना. त्यांचा धाकटा तीन वर्षांचा आहे, त्याला दाणे दिले नाहीत. अख्खा दाणा एवढ्या लहान पोराच्या घशात अडकू शकतो. त्याला साधं मारी बिस्कीट दिलं आणि त्यानं ते कोपरापर्यंत बुडवलं.

वेफर्समध्ये पातळ असतात ते चमच्याच्या वजनानंच फुटतात. नागमोडी, जाड असतात ते टिकतात. अर्धाच वेफर बुडवायचा, म्हणजे धरायला जागा राहते आणि जिभेला आधी मीठ लागतं. पसरट वाडग्यापेक्षा उभा, अरुंद स्टीलचा पेला बरा. त्यात थोडं चॉकलेटही वरपर्यंत येतं. बाहेर काढताना पेल्याच्या काठावर टक-टक करून जास्तीचं उतरवायचं. हे काम भाच्याला इतकं आवडलं की तो एकेका वेफरला वीस वेळा टक-टक करत होता.

खारी मात्र फसली. ती पदरापदरानं सुटते, आणि तिचे पदर पेल्यात तरंगायला लागले. चार पापुद्रे लेकीनं चमच्यानं काढले. जिरा बटर टणक, त्याला काही होत नाही, पण ते फारसं खारट नसतं, म्हणून त्यावर मीठ. खडे मीठ खलबत्त्यात ओबडधोबड कुटलं. चॉकलेटात पाणी नाही म्हणून मीठ विरघळत नाही, कण कणच राहतो आणि दाताखाली अचानक येतो. पण ते केव्हा टाकायचं ते बघावं लागतं. चॉकलेट ओलं चकचकीत असताना टाकलं तर बुडून जातं, पार घट्ट झाल्यावर टाकलं तर गळून पडतं. चमक मावळायला लागते तेवढाच वेळ. आणि मीठ वीतभर वरून सोडायचं. लेकीच्या मैत्रिणीनं "चिमूट" म्हणजे पाची बोटं असं समजून पहिल्या बटरवर एवढं मीठ घातलं की ते आम्ही चिमण्यांनाही टाकलं नाही.

शेवटी भडंग. लेक विसरली नव्हती. मला वाटलं होतं की तेलकट भडंगानं चॉकलेट फाटेल. पण तेलाचं चॉकलेटशी भांडण नाही, भांडण पाण्याशी. ते अलगद मिसळलं. चुरमुऱ्यांवर काळा लेप, मधून तांबडं तिखट, आणि लसणाची तळलेली पाकळी. आई म्हणाली, "लसणाला चॉकलेट? काय म्हणायचं या पोरांस्नी!" मी एक तोंडात टाकला. आधी गोड, मग कुरकुर, मग तिखट घशाशी येतं, आणि लसूण सगळ्यात शेवटी, बराच वेळ. मला नाही आवडलं. लेकीनं दोन खाल्ले, पण मला वाटतं हट्टानं.

सगळं दहा मिनिटं फ्रिजमध्ये ठेवलं, घट्ट होण्यापुरतं. जास्त ठेवून बाहेरच्या दमट हवेत काढलं की वर दव धरतं आणि पांढरट, चिकट होतं. मग स्टीलच्या डब्यात, थरांमध्ये बटर पेपर. दाणे आणि वेफर्स रविवारी रात्रीपर्यंत संपले. बटर बायको सोमवारी ऑफिसला घेऊन गेली.

भडंगाचे सहा गोळे डब्यात उरले. सोमवारी दुपारी भाचा आपल्या घरी गेला, लेकही त्याच्याबरोबर गेली. मंगळवारी सकाळी चहा टाकताना डबा उघडला, तर तीन होते. आई बाहेर पारावर भाजी निवडत बसली होती. "आई, तू खाल्लेस काय गं?" "मी? लसणाचं?" असं म्हणून ती पुन्हा गवारीच्या शेंगा मोडायला लागली. बुधवारी डबा घासून पालथा घातलेला होता.