बटाटे सोलणारी देल्फीन सेरिग

गेल्या पावसाळ्यात बेळगावात आठवडाभर झड लागली होती, तेव्हा शहापूरच्या आमच्या घरी मी 'जान दिएलमान' हा १९७५ सालचा चित्रपट दोन दुपारी मिळून पाहिला. २०१ मिनिटांच्या या चित्रपटात ब्रुसेल्समधली एक विधवा स्वयंपाक करते, मुलाला जेवू घालते, दुपारी पैशासाठी एखाद्या पुरुषाला घरात घेते, आणि कॅमेरा जागचा हलत नाही. शेजारी तांदूळ निवडत बसलेल्या सासूबाईंना ना फ्रेंच येते, ना इंग्रजी, परंतु ती बाई पातेले हातात घेऊन या खोलीतून त्या खोलीत फिरू लागली मात्र, त्या म्हणाल्या, "बटाटे बिघडले की गं हिचे." कथेचा तोल तिथूनच ढळतो, हे मला समीक्षा वाचून ठाऊक झाले होते.

ही भूमिका करणारी देल्फीन सेरिग १९३२ साली बैरूतमध्ये, एका पुरातत्त्वज्ञाच्या घरी जन्मली. पॅरिसची रंगभूमी आणि न्यूयॉर्कची ॲक्टर्स स्टुडिओ ही अभिनयाची कार्यशाळा असा प्रवास करून ती १९६१ मध्ये दिग्दर्शक आलँ रेनेच्या 'गेल्या वर्षी मारियनबादमध्ये' या चित्रपटामुळे प्रसिद्धीस आली. तो चित्रपट मला फारसा भावला नाही. पण त्यातली उंची पोशाखातली गूढ स्त्री पुढे अनेक वर्षे तिच्या नावाला चिकटून राहिली. रेनेच्याच 'म्यूरिएल'साठी तिला १९६३ मध्ये व्हेनिस महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला.

१९७५ सालीच आलेल्या मार्गरित द्युरासच्या 'इंडिया साँग'मध्ये ती कोलकात्यातल्या फ्रेंच राजदूताची पत्नी झाली आहे. कोलकाता मात्र नावापुरते; चित्रीकरण फ्रान्समध्येच झाले. पडद्यावर कोणाचेच ओठ हलत नाहीत, संवाद बाहेरून ऐकू येतात, त्यामुळे आकाशवाणीच्या श्रुतिका ऐकत वाढलेल्या मला तो चित्रपट अवघड वाटण्याऐवजी ओळखीचाच वाटला.

अशा अभिनेत्रीने त्याच वर्षी ओट्यापाशी उभे राहावे, यामागे केवळ धाडस नव्हते. चित्रीकरणाच्या वेळी तिचा जोडीदार सामी फ्रे याने केलेले ध्वनिचित्रण उपलब्ध आहे. त्यात ती पंचविशीतल्या दिग्दर्शिकेला, शांताल अकेरमानला, सतत प्रश्न विचारताना दिसते: ही हालचाल या क्षणी का, ती करताना या बाईच्या मनात काय चालले असेल? अकेरमानला बाहेरची कृती नेमकी हवी होती आणि सेरिगला तिच्या आतले कारण. मला वाटते, या ओढाताणीमुळेच तो हात नुसता बटाटे सोलत नाही, विचारही करत असतो.

गर्भपाताच्या हक्कासाठी १९७१ साली फ्रान्समध्ये ३४३ स्त्रियांनी काढलेल्या जाहीरनाम्यावर तिची सही होती. नंतर ती व्हिडिओ कॅमेरा चालवायला शिकली आणि जेन फोंडा, मारिया श्नायडर अशा अभिनेत्रींना समोर बसवून, या व्यवसायात स्त्रियांच्या वाट्याला काय येते, याविषयी तिने बोलते केले. त्या माहितीपटाला तिने नाव दिले 'सुंदर राहा आणि गप्प बस'. १९८२ मध्ये कॅरोल रूसोपूलोस आणि योआना वीडर यांच्यासह तिने स्त्रियांच्या ध्वनिचित्रफिती जतन करण्यासाठी स्त्रीवादी लेखिका सिमोन द बोव्हुआर यांच्या नावाने पॅरिसमध्ये केंद्र स्थापन केले. १९९० मध्ये, वयाच्या ५८ व्या वर्षी ती गेली. केंद्र अजून चालू आहे.