आमची वाटचाल: चर्चच्या पायऱ्यांपासून मारुतीच्या पायऱ्यांपर्यंत

आमचा धंदा चालण्याचा. पणजीच्या चर्चच्या पायऱ्यांपाशी सकाळी सव्वासातला आठ माणसं जमतात. त्यांना घेऊन मी अडीच किलोमीटर चालते, वाटेत चार ठिकाणी खायला घालते आणि साडेदहाच्या सुमारास पणजीतल्याच मळा नावाच्या वस्तीत आमच्या घरी आणून बसवते. डिचोलीच्या माझ्या काकांना अजून हे पटत नाही. "लोकांना बाजारातून फिरवून आणायचे पैसे घेतेस तू?" घेते. नोव्हेंबर 2015 पासून घेते.

त्याआधी अकरा वर्षं एका ट्रॅव्हल ऑफिसात होते. उत्तर गोवा, दक्षिण गोवा अशा बसच्या सहली. जुन्या गोव्याची चर्चं, मंगेशी, दोना पावल, आणि पणजीत चाळीस मिनिटं मोकळी. या चाळीस मिनिटांत पर्यटक दोनच गोष्टी करत: बाथरूम शोधत आणि काजू घेत. ज्यांना काजू नको असत त्यांना मी गल्लीतल्या कॅफेत भाजीपाव खायला न्यायची. हळूहळू काजूवाले कमी आणि भाजीपाववाले जास्त व्हायला लागले. एकदा एकवीस माणसं माझ्या मागून आली, ड्रायव्हर हॉर्न वाजवून दमला आणि मला ऑफिसात बोलावणं आलं. नोकरी तेव्हा सुटली नाही, पण काहीतरी सुटायला सुरुवात झाली होती.

नवऱ्याने पहिल्या दिवशी एकच प्रश्न विचारला, "पाऊस पडला तर?" त्याचं उत्तर आजही माझ्याकडे नाही, छत्र्या आहेत.

कागदपत्रांची कथा लांबवत नाही. पर्यटन व्यवसाय नोंदणीचा 1982 चा कायदा आहे, त्याखाली नोंदणी केली. घरी खायला घालतो म्हणून अन्न परवानाही काढला. खरी फजिती परवान्यांनंतर झाली.

पहिल्या फेरीत मी नऊ ठिकाणं ठेवली होती. पणजीतलं सगळं चांगलंचुंगलं एका सकाळी दाखवायचं, अशी हौस. तिसऱ्या ठिकाणी माणसं खुर्चीत मागे रेलली, पाचव्या ठिकाणी एका गृहस्थांनी चोरीसपाव, म्हणजे तिखट सॉसेज भरलेला पाव, कागदी रुमालात गुंडाळून खिशात टाकला आणि पुढे सबंध रस्ताभर त्यांच्या सदऱ्यावर तो लाल तेलाचा डाग पसरत गेला. सातवं, आठवं, नववं ठिकाण मी मनातल्या मनातच गाळून टाकलं. तेव्हापासून आमच्याकडे अर्ध्या पावाचा हिशेब आहे. एका ठिकाणी माणशी अर्धा पाव. कुणी कितीही मागितला तरी दुसरा अर्धा पुढच्या ठिकाणासाठी राखायचा, असं आधीच सांगून ठेवते. पुणेकर यावर वाद घालतात, पण ऐकतात.

दुसरा धडा कॅफेच्या मालकांनी दिला. मी आठ माणसं घेऊन बसले होते, चार प्लेटी मागवल्या होत्या आणि राजधानी जुन्या गोव्याहून पणजीला 1843 मध्ये कशी आली ते रंगवून सांगत होते. दारात कचेरीला जाणारी माणसं टेबलासाठी ताटकळत उभी. मालक गल्ल्यावरून उठून आले, शांतपणे म्हणाले, "बाय, खाणं इथे घाल. इतिहास बाहेर सांग." मला एवढी लाज वाटली की त्या दिवशी 1843 च्या पुढे काही सांगताच आलं नाही. पण बोलले ते सोळा आणे खरं. आता सगळं बोलणं चर्चच्या पायऱ्यांवर होतं: मूळ चर्च 1541 चं, आजची बांधणी 1619 ची, आणि इथून काही मिनिटांवर असलेलं महालक्ष्मीचं देऊळ 1818 चं. 1619 ते 1818 या दोनशे वर्षांत काय झालं, हे सांगायला मोकळं आभाळच बरं. कॅफेत शिरलो की तोंड फक्त खायला उघडायचं, वीस मिनिटांत उठायचं आणि पूर्ण आठ प्लेटींचे पैसे द्यायचे. मालक आता आम्हाला कोपऱ्यातली दोन टेबलं राखून ठेवतात.

तिथला वेटर एका दमात यादी म्हणतो: पातळ भाजी, सुकी भाजी, टोमॅटो, चणे, आळसांदे (चवळीसारखं कडधान्य), मिक्स, मिरची, बन्स. पाहुणे पहिल्यांदा काही समजले नाहीत की तो दुसऱ्यांदा त्याच वेगाने म्हणतो. मी मधे पडत नाही. मिक्स म्हणजे पातळ भाजीवर सुकी, हे ज्याचं त्याने शोधावं. बन्स म्हटल्यावर लोक गोड पाव समजतात आणि समोर केळं घालून मळलेली टम्म पुरी येते. ती मोडून तिखट रश्शात बुडवली की बोलणं आपोआप थांबतं.

बाहेर आल्यावर मी त्यांना एक विचारते: आत्ता खाल्लं त्यातलं आपलं काय? पाव हा शब्द पोर्तुगीज, बटाटा हा शब्दही पोर्तुगीज. बटाटा, मिरची आणि टोमॅटो तिन्ही अमेरिकेतून, जहाजात बसून आलेली. राहिला नारळ, आळसांदे आणि ज्याने हे सगळं एकत्र शिजवलं तो माणूस. पाहुणे अस्वस्थ होतात. एक आजोबा चिडून म्हणाले, "मग आमच्या उपासाची बटाट्याची भाजी?" मी म्हटलं, आजोबा, तिथे मी काही बोलत नाही.

फेरीतली माझी सगळ्यात आवडती जागा म्हणजे पावाची भट्टी. कॅफेत वेळ पाळायचा तर इथे भट्टीची वेळ पाळायची, आणि तिला कुणाचं बुकिंग ठाऊक नसतं. माणसं रात्री दोनला कामाला लागतात. सकाळचा पाव सायकलवरून पों पों करत घरोघरी गेलेला असतो, आम्ही पोचतो तेव्हा मागची पोई, म्हणजे कोंड्याचा पोकळ पाव, निघत असते. लांब दांड्याच्या लाकडी फावड्यावर सात-आठ पोया एकदम बाहेर येतात, फुग्यासारख्या, वर कोंड्याची धूळ. फळीवर टेकल्या की हवा सोडत हळूहळू बसतात. कान जवळ नेला तर बारीक फस्स ऐकू येतं. मी प्रत्येकाच्या हातात एक देते आणि मधोमध फाडायला सांगते. वाफ बाहेर येते आणि आत खिसा दिसतो. त्यात काही भरायचं नाही, तशीच खायची. उंडा वेगळा: गोल, वरची साल कडक, मधे चीर. कातऱ्याला कात्रीने कापल्यासारखे पंख असतात. काकण बांगडीसारखं, ते चहात बुडवायचं. पूर्वी हे पीठ माडाच्या सुरेने, म्हणजे माडीने, फुगायचं. सूर काढणारे रेंदेर कमी झाले, त्यांच्याबरोबर सूरही गेली, आता यीस्ट. जुन्या माणसांना फरक कळतो. मला कळतो असं मी सांगते, पण खरं तर सासूबाईंनी सांगितलेलंच सांगते.

इथे हमखास विचारतात, "हे मूळचे गोव्याचेच का?" भट्टीचे मालक गोव्याचे, पण ती चालवायला दिलेली. चालवतात ते कर्नाटकातून आलेले, दोघे भाऊ. पाहुण्यांचा चेहरा उतरतो, जणू पोईची चव गेली. मला या प्रश्नाचा राग येतो. मालकांची मुलं रात्री दोनला उठायला तयार नाहीत. हे दोघे उठतात म्हणून पणजीला सकाळी पाव मिळतो. सुरुवातीला मी हे चिडून सांगायची, आता त्या भावांनाच बोलायला लावते. धाकटा कोंकणी माझ्यापेक्षा बरी बोलतो. मी डिचोलीची, माझ्या कोंकणीत मराठी फार, असं त्याचं मत आहे.

भट्टीनंतर फोंतेन्यास. जुनी रंगीत घरं, लाल कौलं, लाकडी गॅलऱ्या, सगळ्या गोव्याला ठाऊक असलेली. इथे आमची चूक झाली. मी गळ्यात छोटा माईक अडकवायची. एका सकाळी गॅलरीत एक म्हातारी आंटी आली, गाऊनमध्ये, हातात कॉफीचा कप. खाली आठ मोबाइल तिच्याकडे वळलेले. ती एवढंच म्हणाली, "हें म्हजें घर, म्युझियम न्हय." आणि दार लावून घेतलं. मी घरी येऊन माईक काढून ठेवला तो आजतागायत कपाटात आहे. माझ्याच मळ्यातल्या उंबऱ्यावर कुणी नवरानवरी फोटो काढायला उभी राहिली तर मी काय करीन? केरसुणी घेऊन बाहेर येईन. आता त्या गल्लीत आम्ही थांबत नाही, बोलत नाही, खातही नाही. दाराखिडक्यांचे फोटो काढायचे नाहीत, हे पैसे घेतानाच सांगते. त्यामुळे दोनचार बुकिंग जातात. जाऊ देत. ज्या झऱ्यावरून वस्तीला नाव पडलं, त्या फेनिक्सच्या झरीपाशी मोकळं बोलता येतं, तिथे थांबतो. आंटी अजून माझ्याशी बोलत नाही. नाताळात मी नेवऱ्यांचा, म्हणजे करंज्यांचा, डबा पाठवते, डबा रिकामा न येता दोदोल हे नारळ-गुळाचं गोड घेऊन परत येतो.

मार्च 2020 मध्ये सगळं बंद पडलं. तोवर आमचे बहुतेक पाहुणे परदेशी, फेरी इंग्रजीत. सात महिने एक पैसा आला नाही. सासूबाईंनी पातोळ्या करून मळ्यात विकल्या, मी घरोघर पोचवल्या. पुन्हा सुरू केलं तेव्हा परदेशी माणूस औषधालाही नव्हता. आले ते कोल्हापूर, पुणे, नाशिकचे, गाड्या घेऊन. पहिल्या दिवशी सवयीने इंग्रजीत सुरुवात केली तर एक बाई म्हणाल्या, "अहो, मराठीत सांगा की, तुम्ही आपल्याच ना?" मला हसू आलं. माझं शिक्षण मराठीत, जत्रेतली नाटकं मराठी, आणि पाच वर्षं मी आळसांद्याला इंग्रजी शब्द शोधत होते.

मराठीत फेरी सुरू झाल्यावर प्रश्नच बदलले. परदेशी लोक विचारायचे, ही इमारत कधीची? आपल्या बायका विचारतात, आळसांदे किती वेळ भिजवता, खोबरं भाजून की कच्चं, कोकम का चिंच? माझी सालं पाठ होती, यातलं अर्धंही येत नव्हतं. तेव्हा सासूबाई धंद्यात आल्या. आम्ही त्यांना माई म्हणतो. माईंनी एकच अट घातली: सोमवारी मासळी नाही आणि श्रावणात तर नाहीच.

मला वाटलं, बुडालो. शिवाय 1 जून ते 31 जुलै ट्रॉलरची मासेमारी बंद, ताजी मासळी कमी आणि महाग. पण शिवराक फेरी, म्हणजे आमच्याकडे शाकाहारी, हीच आता सगळ्यात आधी भरते. गोव्यात शाकाहारी माणसाने काय खावं, या प्रश्नाला उत्तर नसतं असं लोकांना वाटतं. माई त्यांच्यासमोर खतखतें ठेवतात. तूरडाळ, सुरण, रताळं, नीरफणस, शेंग, मुळा, कच्चं केळं, मक्याच्या कणसाचे तुकडे, वर नारळाचं वाटण, सोलं, गूळ आणि शेवटी तेफळं, म्हणजे तिरफळं.

तेफळांनी आम्हाला एकदा चांगलंच गोत्यात आणलं. नागपूरची एक मुलगी होती, तिने तेफळ मसाल्याचा दाणा समजून कचकन चावलं. अर्ध्या मिनिटात जीभ बधिर, ओठांना झिणझिण्या. तिला वाटलं अ‍ॅलर्जी. आई रडायला लागली, वडील दवाखाना विचारायला लागले, मी मोबाइल हातात घेऊन नुसती उभी. माई स्वयंपाकघरातून आल्या, तिच्या तोंडात गुळाचा खडा घातला, म्हणाल्या, "बाळा, बस. दहा मिनिटांत जातं." दहा मिनिटांत गेलं. तेफळाचं साल वासापुरतं रश्शात सोडायचं, खाताना बाजूला काढायचं, हे गोव्यात पोरांनाही ठाऊक असतं, म्हणून ते सांगायचं असतं हेच आम्हाला सुचलं नव्हतं. जेवणाआधी अ‍ॅलर्जीचं विचारून लिहून घेतो ते त्या दिवसापासून. माई आता वाढताना ताटातली तेफळं मोजतात, आणि उठताना कडेला तेवढीच आहेत का बघतात.

पैशाचं थोडक्यात. एका मोठ्या ऑनलाइन बुकिंग कंपनीने दोन हंगाम आमची फेरी विकली, चौथाई कमिशन कापलं आणि पैसे तीन-तीन महिन्यांनी दिले. तेवढ्यात कॅफे आणि भट्टीवाले थांबत नाहीत, त्यांना मी रोजच्या रोज देते. म्हणून ती कंपनी सोडली. बुकिंग निम्मं झालं, उधारी शून्य. आठवड्यात पाच फेऱ्या, आठांच्या वर माणूस नाही. नवऱ्याचं म्हणणं बारा करूया. बारा माणसं कॅफेच्या दोन टेबलांवर बसत नाहीत, एवढाच माझा युक्तिवाद आहे आणि तो अजून टिकून आहे.

संध्याकाळची फेरीही गेल्या वर्षीपासून काढली. ती खारव्यांच्या गप्पांसारखी लांबते, कारण ती तावेर्नात, म्हणजे दारूच्या छोट्या गुत्त्यात, संपते. हुर्राक, म्हणजे काजूच्या बोंडांच्या रसाची पहिल्या धारेची दारू, मार्च ते मे एवढाच, तो टिकत नाही. बाकी वर्षभर काजूची फेणी, जिला 2009 मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. मी स्वतः पीत नाही, त्यामुळे तिथलं सांगणं तावेर्नाचे मालकच करतात आणि माझ्यापेक्षा जास्त टिप मिळवतात.

डिसेंबरात चर्चचं फेस्त, म्हणजे वार्षिक उत्सव, असला की पायऱ्यांपाशी जागा नसते, खाज्यांची दुकानं लागतात. त्या आठवड्यात आम्ही मळ्यातल्या मारुतीच्या देवळाच्या पायऱ्यांवरून सुरुवात करतो आणि उलटे चालतो. मग माईंचं खतखतें सकाळी साडेसातला तयार लागतं. माई कुरकुरतात, पाचला उठतात, नारळ किसतात, आणि काकांचा फोन आला की मला ऐकू जाईल एवढ्या मोठ्याने सांगतात, "आमची फेरी आज उलटी आहे हो, मागाहून बोलते."