नाइस म्हणजे भैताड!

1983 साली मी आठवी 'ब'मध्ये होतो. रामटेकच्या सहलीवर इंग्रजीत निबंध लिहून आणायचा होता. पाचवीत एबीसीडी गिरवायला लागलेल्या आम्हा पोट्ट्यांजवळ विशेषणं मोजून चार: गुड, बॅड, बिग आणि नाइस. त्यामुळे गड नाइस, मंदिर नाइस, खिंडसीचा तलाव नाइस, डब्यातली पुरी-भाजीही नाइस. वही परत आली तेव्हा अकरा 'नाइस'भोवती लाल गोल होते आणि खाली एकच शेरा: 'भेटा'.

स्टाफरूमच्या दारात जाऊन उभा राहिलो. (त्या दारापर्यंत जाणं हीच तेव्हा अर्धी शिक्षा असे.) बाईंनी वही उघडली. "रामटेकवर बसून कालिदासानं 'मेघ नाइस आहे' एवढंच लिहिलं असतं, तर तो मेघ अलकानगरीला पोचला असता का रे?" मी गप्प. "आणि नाइस म्हणजे मुळात काय, ठाऊक आहे? भैताड!"

पुण्याहून लग्न होऊन नागपूरच्या महाल भागात आलेल्या बाईंच्या तोंडून मूर्खासाठीचा आपला हा अस्सल नागपुरी शब्द ऐकला आणि मी भीतीच विसरलो.

दुसऱ्या दिवशीचा अख्खा तास त्यावरच गेला. लॅटिनमध्ये 'ने' म्हणजे नाही, 'स्किरे' म्हणजे जाणणं. 'नेस्कियुस' म्हणजे अजाण. जुन्या फ्रेंचमधून हा शब्द 1300च्या सुमारास इंग्रजीत शिरला तो 'मूर्ख' हाच अर्थ घेऊन. सायन्सही त्याच 'स्किरे'चं लेकरू, म्हणजे दोघं चुलतभाऊ! पुढे अर्थ सरकत गेला: नखरेल, लाजाळू, मग खाण्या-नेसण्यात चोखंदळ. चोखंदळाची नजर बारीक, म्हणून सूक्ष्म, काटेकोर. 'छान' हा अर्थ रुळला तो थेट अठराव्या शतकात.

"मॅडम, उलटं होते का? चांगल्याचं वाईट?" मागच्या बाकावरून प्रश्न आला. बाईंनी फळ्यावर लिहिलं: देवानांप्रिय. देवांचा लाडका. सम्राट अशोकाची शिलालेखांतली पदवी. पण पुढे संस्कृत व्याकरणकारांनी तिचा अर्थ 'मूर्ख' असा दिला. वर्ग एकदम शांत झाला. आमच्यातली कितीतरी मुलं दर दसऱ्याला घरच्यांसोबत दीक्षाभूमीवर जात. 14 ऑक्टोबर 1956 रोजी बाबासाहेबांनी दीक्षा घेतली तो दिवस अशोक विजयादशमीचा, हे त्यांना पाठ होतं. "हे कोणी मुद्दाम केलं का?" त्याच मुलानं विचारलं. बाई क्षणभर थांबल्या. "तसं मानणारे आहेत. मलाही तसंच वाटतं." पाठ्यपुस्तकातला कुठलाही धडा मला इतका लख्ख आठवत नाही.

आता हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठात वकिली करतो. तिथे एखाद्या मुद्द्याला 'नाइस क्वेश्चन ऑफ लॉ' म्हटलं, तर तो मुद्दा छान नसतो. इतका बारीक असतो की निकाल कुठेही कलंडू शकतो. मागच्या पावसाळ्यात माझ्या एका मुद्द्याला न्यायमूर्ती तसं म्हणाले आणि पोटात गोळा आला. बाहेर आलो, तर पक्षकार एकदम खूश.

"वकीलसाहेब, जजसाहेबायले आपला मुद्दा आवडला न जी?"

"बसा," मी म्हटलं, "आधी चहा घेऊ. रामटेकच्या सहलीपासून सांगावं लागेल."