असईची लढाई आणि थकलेला तनखा

जालना जिल्ह्याच्या उत्तर टोकाला, भोकरदन-जाफराबादच्या बाजूला, केळणा आणि जुई या दोन लहान नद्यांच्या बेचक्यात असई नावाचे गाव आहे. काही वर्षांपूर्वी सप्टेंबर महिन्यात मी तिथे मुद्दाम गेलो होतो. २३ सप्टेंबर १८०३ रोजी ज्या ऋतूत आणि ज्या पाण्यात ही लढाई झाली, तो ऋतू आणि ते पाणी आपल्या डोळ्यांनी पाहावे, एवढाच हेतू होता. कपाशी आणि मक्याच्या शेतांतून नदीकाठी पोहोचलो, तेव्हा पहिली गोष्ट जाणवली ती जागेच्या लहानपणाची. ज्या रणामुळे दख्खनचे भवितव्य फिरले ते रण माणूस एका सकाळी पायी फिरून पाहू शकतो.

शाळेत शिकलेले उत्तर तोवर माझ्या मनात पक्के होते. इंग्रजांकडे चांगली शस्त्रे होती, कवायत होती, आणि आपल्याकडे फूट होती, म्हणून आपण हरलो. यातली फूट खरी आहे. शस्त्रे आणि कवायत यांच्याबद्दलचे उत्तर मात्र असईच्या नदीकाठी उभे राहिले की टिकत नाही.

त्या दिवशी इंग्रज सेनापती आर्थर वेलस्लीजवळ प्रत्यक्ष लढाईत उतरलेले सैन्य सुमारे साडेचार हजार होते. म्हैसूरचे आणि पेशव्यांच्या बाजूचे स्वार वेगळे होते, पण ते मुख्य झुंजीत उतरले नाहीत. समोर दौलतराव शिंदे आणि नागपूरकर रघूजी भोसले यांची एकत्र फौज होती. स्वार अगणित होते, पण या फौजेचा कणा म्हणजे पोलमन नावाच्या हॅनोव्हरच्या सरदाराच्या हाताखालच्या सुमारे दहा हजार कवायती पायदळाच्या पलटणी आणि शंभरावर तोफा. वाटाड्यांनी वेलस्लीला सांगितले की पुढे नदीला उतार नाही. त्याने दुर्बिणीतून पाहिले तेव्हा केळणेच्या दोन काठांवर समोरासमोर दोन गावे दिसली, आणि एवढी जवळची गावे आहेत त्या अर्थी त्यांच्यामध्ये पाण्यातून जाण्याची वाट असणारच, असा तर्क त्याने केला. तो बरोबर निघाला. नदी ओलांडून त्याने शिंद्यांच्या डाव्या अंगावर यायचे ठरवले, कारण तिथे तो अनपेक्षित होता.

यानंतर जे घडले ते मला या लढाईतले सर्वांत महत्त्वाचे वाटते. शत्रू बगलेवर येत आहे हे दिसताच पोलमनच्या पलटणींनी आपली सारी रांग शिस्तीत फिरवली आणि दोन नद्यांमधल्या चिंचोळ्या जमिनीवर तोंड वळवून नवी फळी उभी केली. हे काम युरोपातल्या उत्तम फौजांनाही अवघड जाई, आणि वेलस्लीला त्याची अपेक्षा नव्हती. शिंद्यांच्या तोफांनी इंग्रजी तोफखान्याचे गोलंदाज आणि तोफा ओढणारे बैल एवढे मारले की वेलस्लीने आपल्या तोफा मागे टाकून संगिनींवर भिस्त ठेवली. काही गोलंदाज मेल्याचे सोंग घेऊन तोफांखाली पडून राहिले आणि इंग्रजी फळी पुढे गेल्यावर उठून त्यांनी मागून मारा केला. संध्याकाळी रण इंग्रजांच्या हाती आले, पण त्यांच्या मेलेल्या, जखमी आणि बेपत्ता माणसांची संख्या दीड हजारावर गेली होती. झुंजलेल्या सैन्याचा हा एक तृतीयांशाहून मोठा हिस्सा होता. पाठलाग करण्याचे त्राणही त्यांच्यात उरले नव्हते. पुढे वॉटर्लू जिंकलेल्या याच सेनापतीने आयुष्यभर असईला आपल्या लढायांत मानाचे स्थान दिले, आणि हाती लागलेल्या शिंद्यांच्या पितळी तोफांचे त्याने त्याच वेळी मनापासून कौतुक केले होते.

या तोफा आग्र्यासारख्या ठिकाणच्या कारखान्यांत ओतलेल्या होत्या. त्यांच्यामागे महादजी शिंद्यांची दूरदृष्टी होती. १७४६ मध्ये मद्रासजवळ अड्यार नदीकाठी फ्रेंचांच्या मूठभर कवायती तुकडीने अर्काटच्या नबाबाची कितीतरी मोठी फौज पिटाळली होती, आणि तो धडा हिंदुस्थानातल्या दरबारांनी लवकरच घेतला होता. पानिपतावर इब्राहिमखान गारद्याच्या पलटणी होत्या. महादजींनी सव्हॉय प्रांतातल्या बन्वा द ब्वान्य या सरदाराकडून पुऱ्या कंपूची, म्हणजे युरोपीय पद्धतीच्या कवायती फौजेची, उभारणी करून घेतली, आणि १७९० मध्ये पाटण व मेडता येथे त्या कंपूने राजपुतान्यात काय करून दाखवले ते सर्वांनी पाहिले. म्हणजे युरोपीय युद्धतंत्र आत्मसात करायला आपल्याकडे जेमतेम दोन पिढ्या लागल्या. तंत्र ही गोष्ट विकत मिळते, उसनी घेता येते, शिकता येते. मग १८०३ मध्ये अवघ्या पाच महिन्यांत शिंदे आणि भोसले यांनी तह का पत्करला?

उत्तराचा एक भाग त्या कंपूच्या रचनेत आहे. द ब्वान्यची अट होती की पलटणींचा तनखा वेळेवर मिळाला पाहिजे, आणि तो मिळावा म्हणून महादजींनी गंगा-यमुनेच्या दोआबातला सुपीक मुलूख कंपूच्या खर्चासाठी तोडून दिला. त्यामुळे फौज उत्तम झाली, पण मुलखाचा वसूल, तो वसूल करणारी माणसे, किल्ले आणि पलटणी असे सारे काही एका भाडोत्री सेनापतीच्या हाती गेले. महादजी होते तोवर हे निभावले. १७९४ मध्ये वानवडीला त्यांचा अंत झाला आणि वारसा पंधरा वर्षांच्या आतबाहेर असलेल्या दौलतरावांकडे आला. द ब्वान्यच्या जागी पेराँ हा फ्रेंच सरदार आला. १८०३ च्या ऑगस्टमध्ये इंग्रजांनी जाहीर केले की शिंद्यांची चाकरी सोडणाऱ्या आपल्या देशबांधवांना कंपनी पोसेल. बरेच इंग्रज सरदार निघून गेले. सप्टेंबरच्या आरंभी अलीगढचा किल्ला पडला, तेव्हा शिंद्यांची चाकरी सोडून आलेल्या ल्यूकन नावाच्या सरदाराने हल्ला करणाऱ्यांना वाट दाखवली. खुद्द पेराँ इंग्रजांच्या आश्रयाला गेला. त्याच महिन्यात दिल्लीसमोर शिंद्यांचा पराभव झाल्यावर त्यांचा फ्रेंच सरदार बूर्कँ शरण गेला.

आणि तरीही त्या पलटणी संपल्या नाहीत. १ नोव्हेंबरला अलवरजवळच्या लासवाडीला शिंद्यांचे उरलेले पायदळ युरोपीय सरदारांवाचून, आपल्याच हुद्देदारांच्या हाताखाली, जनरल लेकच्या फौजेशी असे झुंजले की लेकने आपल्या पत्रात त्यांच्या शौर्याची वाखाणणी केली आणि फ्रेंच सरदारांचे नेतृत्व असते तर निकाल काय लागला असता याची भीती बोलून दाखवली. लासवाडीबद्दल आपल्याकडे फार कमी बोलले जाते याचे मला खरोखर दुःख होते. ज्यांचे वरिष्ठ पळून गेले, ज्यांचा धनी शेकडो कोस दूर दख्खनेत होता, ती माणसे आपल्या तोफांपाशी उभी राहून मेली.

उत्तराचा दुसरा आणि माझ्या मते मुख्य भाग पुण्यात आहे. १७९६ मध्ये दुसऱ्या बाजीरावांनी पेशवाईची वस्त्रे मिळवण्यासाठी दौलतरावांना कोट्यवधी रुपयांचे आश्वासन दिले होते. ते पैसे नव्हते. शिंद्यांची फौज पुण्याभोवती तळ देऊन बसली होती, तनखा थकला होता, आणि थकलेल्या तनख्यासाठी शिपायांनी सरदाराच्या दारात धरणे धरणे ही त्या काळातली नित्याची गोष्ट होती. शेवटी पैशाची तजवीज करण्याचे काम सर्जेराव घाटग्यांकडे गेले. दौलतरावांनी १७९८ मध्ये त्यांच्याच कन्येशी, बायजाबाईंशी, लग्न केले होते. त्या वर्षी घाटग्यांनी पुण्यातले कारभारी, सावकार आणि व्यापारी यांना धरून मारहाण केली आणि त्यांच्याकडून पैसा काढला; माणसांना तापलेल्या तोफेला बांधल्याच्या हकिकती नोंदलेल्या आहेत. यात जो पैसा मिळाला तो एकदाच मिळाला. ज्या पेढ्यांनी आधीच्या पेशव्यांच्या मोहिमांना कर्जे दिली होती, त्या पेढ्यांच्या शहरात यानंतर कोणत्याही व्याजाने कर्ज मिळण्याचा भरवसा उरला नाही.

त्याच काळात कलकत्ता, बनारस आणि सुरत इथले सावकार कंपनीला पैसा देत होते. सुरतेच्या अर्जुनजी नाथजी त्रवाडींच्या पेढीसारख्या पेढ्या मुंबईच्या इंग्रजांना रोकड पुरवत आणि तिची भरपाई बंगालवर काढलेल्या हुंड्यांनी होई. मुंबई इलाखा स्वतःच्या वसुलावर कधीच जगू शकला नसता. तो जगला, कारण १७६५ च्या दिवाणीपासून, म्हणजे महसूल वसूल करण्याचा हक्क मिळाल्यापासून, बंगालचा शेतसारा कंपनीच्या तिजोरीत जात होता आणि या वसुलाच्या जोरावर कंपनीचा कागद बाजारात चालत होता. देशी सावकाराने परक्याला पैसा का दिला, असा राग आपल्याला येतो. सावकार मात्र एवढेच पाहत होता की कोणाकडे दिलेला पैसा व्याजासह परत येतो आणि कोणाकडे गेला की तोफेला बांधले जाते.

कर्जावर युद्ध चालवण्याची ही विद्या इंग्रजांनी हिंदुस्थानात येऊन शोधलेली नव्हती. युरोपातली राज्ये एकमेकांशी शतकानुशतके लढत होती. कोणालाही सर्वांना गिळता येत नव्हते आणि कोणालाही थांबता येत नव्हते. फ्रान्सशी चाललेल्या अशाच एका युद्धाचा खर्च भागवण्यासाठी १६९४ मध्ये इंग्लंडची बँक उभी राहिली. पार्लमेंटने मंजूर केलेल्या करांमधून व्याज ठरल्या दिवशी मिळते, अशी खात्री धनकोला पटली की राजा मरो, मंत्री बदलो, राज्याला कर्ज मिळत राहते. केवळ सतत युद्धे झाल्याने असे घडते असे मी म्हणणार नाही, कारण अठराव्या शतकात युद्धे आपल्याकडेही सतत चालू होती. पण आपल्याकडे मुलूख सरंजामांत, म्हणजे फौजेच्या खर्चासाठी सरदारांना तोडून दिलेल्या जहागिरींत, वाटलेला होता, सरदाराचे कर्ज हे सरदाराचे खासगी कर्ज होते, आणि तो मेला की वारसाबरोबर कर्जाचाही तंटा सुरू होई. महादजींच्या मागे त्यांच्या बायकांनी दौलतरावांविरुद्ध जे बंड केले, त्यात दौलतीची उरलीसुरली घडीही विस्कटली.

या विद्येचे सर्वांत घातक रूप म्हणजे तैनाती फौज. गव्हर्नर जनरल रिचर्ड वेलस्ली हा असईच्या सेनापतीचा थोरला भाऊ. त्याने संस्थानिकांना आपली फौज रक्षणासाठी देऊ केली आणि तिच्या खर्चासाठी रोख रकमेऐवजी मुलूखच तोडून घेतला. १८०१ मध्ये अयोध्येच्या नबाबाकडून सव्वा कोटीहून अधिक वसुलाचा प्रदेश गेला. यशवंतराव होळकरांनी १८०२ च्या दिवाळीत पुण्याजवळ शिंदे आणि पेशवे यांचा पराभव केल्यावर पळून गेलेल्या बाजीरावांनी ३१ डिसेंबर १८०२ रोजी वसईला जो तह केला, त्यात सहा पलटणींसाठी २६ लाखांचा मुलूख लिहून दिला. ज्या वसईसाठी १७३९ मध्ये चिमाजी अप्पांच्या फौजेने पोर्तुगिजांशी झुंजत एवढे रक्त सांडले, त्या वसईत हे घडले. त्यानंतर कंपनीची जी फौज मराठ्यांशी लढली, तिच्या खर्चाचा वाटा पेशव्यांच्याच मुलखातून येणार होता. ती फौज बहुतांशी देशी शिपायांची होती, आणि ते शिपाई तिच्याकडे टिकून होते, कारण महिनाअखेर पगार हातात पडत असे.

एवढे लिहिल्यावर एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगितली पाहिजे, की हे सारे अटळ नव्हते. १८०४ मध्ये यशवंतराव होळकरांनी जुन्या स्वारांच्या पद्धतीने कर्नल मॉन्सनच्या तुकडीला मुकुंदऱ्याच्या खिंडीपासून असे पिटाळले की तिची पार दाणादाण उडाली. १८०५ च्या आरंभी भरतपूरच्या मातीच्या तटांवर लेकचे चार हल्ले फसले. या युद्धांनी कंपनीचे कर्ज इतके फुगले की लंडनच्या संचालकांचा धीर सुटला. त्याच वर्षी रिचर्ड वेलस्लीला परतावे लागले आणि होळकरांना अपेक्षेहून सौम्य अटी मिळाल्या. कर्जाच्या याच यंत्राची दोरी तुटायला आली होती. पण कंपनीला श्वास घ्यायला बंगाल होता, आणि होळकरांजवळ वर्षानुवर्षे लुटलेल्या, जाळलेल्या माळव्याखेरीज काही नव्हते. पुढचा पावसाळा निभावण्याइतका तनखा त्यांना उभा करता आला असता तर काय झाले असते, हा प्रश्न असईहून परतताना माझ्या मनात होता आणि अजून आहे.

पेराँच्या घोडदळाचे काय झाले ते मला पुढे वाचताना कळले. दिल्ली पडल्यावर त्यातले सुमारे दोन हजार स्वार लेककडे आले आणि कंपनीच्या चाकरीत राहायला तयार झाले. त्यांचा सरदार झाला जेम्स स्किनर. त्याचे वडील स्कॉटिश आणि आई राजपूत. अलीगढच्या आधीपर्यंत तोही शिंद्यांच्याच कंपूत होता. पिवळे अंगरखे घातलेले ते रिसाले त्याच्या नावाने ओळखले जाऊ लागले, आणि हिंदुस्थानी लष्करात ते नाव आजही चालू आहे. १८०३ च्या श्रावणात हे स्वार शिंद्यांच्या तनख्यावर होते. त्या वर्षीच्या दिवाळीला त्यांना पगार कंपनीने दिला.