‘आला’ म्हणावे की ‘आली’?

तुम्ही विचारलेत म्हणून लिहिते आहे. ओळख झाली की थोड्या वेळाने बरेच जण आवाज खाली आणून विचारतात, “तुमच्याबद्दल बोलताना ‘आला’ म्हणायचे की ‘आली’?” हा प्रश्न मला आवडतो, कारण विचारणाऱ्याला चुकायचे नसते. मी पारलिंगी स्त्री आहे. जन्मल्यावर माझी नोंद मुलगा म्हणून झाली, पण मी मुलगी आहे. माझ्यासाठी ‘आली’.

मराठीत बोलणाऱ्याचे लिंग क्रियापदातून लगेच उघड होते. घरी सांगण्याआधीची काही वर्षे ‘मी जातो’ म्हणवत नव्हते आणि ‘मी जाते’ म्हणायचे धैर्य नव्हते, म्हणून मी ‘मला जायचे आहे’ म्हणत असे. ‘मी थकलो’ऐवजी ‘मला थकवा आलाय’, ‘मी जेवलो’ऐवजी ‘माझे जेवण झाले’. ‘मी पुस्तक वाचले’ हे वाक्य तर मला आधारासारखे वाटे, कारण त्यातले क्रियापद पुस्तकाप्रमाणे चालते, वाचणाऱ्याप्रमाणे नाही. दिवसभर असे जपून बोलल्यावर संध्याकाळी बोलणेच नकोसे होई.

पारलिंगी व्यक्तींच्या एका बैठकीला पहिल्यांदा गेले, तेव्हा दारात चपला काढत असताना आतून एक वयस्कर बाई म्हणाल्या, “आलीस का? ये, बस इथे.” माझे नाव त्यांनी नंतर विचारले. त्या ‘आलीस’नंतर कितीतरी वेळ मला चपलेचा बंद सुटेना.

तृतीयपंथी म्हणावे का, असेही विचारतात. तो शब्द अनेक जणी स्वतःसाठी आपुलकीने वापरतात. हिजडा समाजाला गुरू-चेल्यांची जुनी परंपरा आहे, पण प्रत्येक पारलिंगी स्त्री त्या समाजातली नसते, आणि पारलिंगी पुरुष तर लोकांच्या ध्यानातही येत नाहीत. म्हणून जी व्यक्ती स्वतःला जे म्हणवते, तेच तिला म्हणावे. आपली लिंगओळख आपण ठरवण्याचा हक्क सर्वोच्च न्यायालयाने १५ एप्रिल २०१४ च्या निकालात मान्य केला आहे. बोलण्यात तो मान्य करायला कोणत्याही कागदाची गरज नाही.

विचारायला अवघड वाटले, तर ‘तुम्ही कधी आलात?’ हे वाक्य कोणालाही चालते, पण ‘कसे आहात’ की ‘कशा आहात’ म्हणताना निवड करावीच लागते, तेव्हा विचारलेलेच बरे. चुकलात तर दुरुस्त करा आणि पुढे बोला. फार वेळ क्षमा मागितलीत, तर तुमची समजूत मलाच काढावी लागते. जुने नाव मात्र विचारू नका. आणि तोंडावर ‘आली’ म्हणून पाठ फिरताच ‘आला’ म्हणणे, ही चूक नव्हे. ते मनाला लागते.

बाबांना हे जमायला वेळ लागला. परवा ते फोनवर कोणाला तरी सांगत होते, “तो आत्ताच आला... आली आहे. थांबा, बोलावतो तिला.”