प्रॉमिसरी नोटेचं अपील : आधी रोजनामा वाचा

प्रॉमिसरी नोटेच्या (पैसे देण्याच्या लेखी वचनाच्या) दाव्यात हुकूमनामा, म्हणजे कोर्टाचा अंतिम आदेश, विरुद्ध गेला की प्रतिवादीला पहिलं आठवतं ते तिकीट. नोटेवर रेव्हेन्यू तिकीट नाही, किंवा आहे पण सही बाजूला, तिकिटावरून साधी रेघही ओढलेली नाही. मुद्दा पोकळ नाही. रद्द न केलेलं तिकीट मुद्रांक कायद्याच्या कलम १२ प्रमाणे नसल्यातच जमा, आणि इतर दस्तांना दंड भरून मिळणारी सवलत कलम ३५ प्रॉमिसरी नोटेला देत नाही. १,००० रुपयांवरच्या, मागणी करताच देय नोटेला शुल्क २५ पैसे. तेवढ्यापायी लाखांचा दावा अडतो.

पण हे बोलायचं असतं नोट पुराव्यात येताना. निशाणी (पुराव्यातला क्रमांक) पडली, तिच्यावर उलटतपासही झाला, की त्याच कायद्याचं कलम ३६ आडवं येतं : एकदा पुराव्यात घेतलेल्या दस्तावर तिकिटाची हरकत नंतर घेता येत नाही. जावेरचंद प्रकरणात १९६१ साली सुप्रीम कोर्टाने हुंडी या व्यापारी दस्ताबद्दल हेच सांगितलं. म्हणून अपिलाचे मुद्दे लिहिण्याआधी रोजनामा, म्हणजे कोर्टाच्या रोजच्या कामकाजाची नोंद, वाचा. निशाणी सरळ दिली की हरकत राखून? हरकत राखून दिली आणि निकालात तिचा निर्णयच नाही, तर मुद्दा अजून जिवंत आहे.

‘कोऱ्या नोटेवर सही घेतली’ हा बचाव अपिलात फार चालत नाही. सही कबूल असली की मोबदला मिळाला असं निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स कायद्याचं कलम ११८ गृहीत धरतं. ते खोडायचं काम प्रतिवादीचं. हस्ताक्षरतज्ज्ञ हवा असा अर्ज दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१ नियम २७ (अपिलात नवा पुरावा) खाली आला की पहिला प्रश्न ठरलेला : खालच्या कोर्टात का नाही मागितला?

अपिलाची मुदत जिल्हा न्यायालयात ३० दिवस, उच्च न्यायालयात ९०. निकालाच्या प्रमाणित नकलेला लागलेले दिवस वजा होतात, पण नक्कल तयार झाल्यापर्यंतचेच. तयार नक्कल आठवडाभर आणलीच नाही, तर तो आठवडा तुमच्या खात्यावर. नकलेवरच्या अर्जाच्या आणि तयार झाल्याच्या तारखा बघून हिशेब करा. उशीर असेल तर विलंब माफीचा अर्ज अपिलासोबतच लावा.

सगळ्यात जास्त घात होतो तो स्थगितीत. अपील दाखल केलं म्हणून वसुलीची दरखास्त थांबत नाही. पैशाच्या हुकूमनाम्यात आदेश ४१ नियम १(३) प्रमाणे वादातली रक्कम भरावी किंवा तारण द्यावं लागतं. भरली नाही तर अपील तेवढ्यावरून जात नाही, पण स्थगिती मिळणं अवघड. मग अपील तारखांवर राहतं आणि इकडे जप्ती येते. पैशांची सोय करूनच स्थगितीचा अर्ज द्यावा. अपिलाची मुदत संपायच्या आत मूळ कोर्टाकडेही स्थगिती मागता येते, हे बरेच जण विसरतात.

वादीनेही गाफील राहू नये. नोटेत व्याजदर लिहिलेला नसेल तर निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स कायद्याच्या कलम ८० प्रमाणे वर्षाला १८ टक्के. ५ लाखांवर वर्षाला ९०,००० रुपये. खालच्या कोर्टाने ते कमी केलं असेल, तर अपिलाची नोटीस मिळाल्यापासून महिन्याच्या आत उलट हरकत (त्याच अपिलात आपल्या बाजूची तक्रार) दाखल करावी.