कुठले नाना?

आमचं दुकान गिरगावात, जे.एस.एस. रोडला लागून असलेल्या एका गल्लीत. पुढे झेरॉक्स, लग्नपत्रिका, रबरी शिक्के. मागच्या गाळ्यात फ्लेक्सचं दहा फुटी मशीन. एकवीस वर्षं मी इथं डीटीपी करते. पूर्वी पत्रिकेत वधूवरांची नावं बसवायचे, आता दादा, भाऊ आणि साहेबांचे चेहरे कापते. चेहरे कापणं म्हणजे मागचं बॅकग्राउंड उडवणं. नवीन गिऱ्हाईक हा शब्द ऐकून दचकतं, म्हणून सांगून ठेवलं.

फेब्रुवारीची नऊ तारीख होती. दुपारी एका मंडळाच्या पोराचा व्हॉइस मेसेज आला. "ताई, उद्या नानांची जयंती. दहा बाय आठ. नाना मोठे घ्या, मागे रेल्वेचं इंजिन टाका. अध्यक्ष डाव्या कोपऱ्यात, बाकी मंडळी खाली लाइनीत. मजकूर पाठवतो. रात्री उचलतो."

एवढं ऐकून मी आमच्या मदतनीस पोराला म्हटलं, नानांचा फोटो काढून ठेव. पोरगा दिव्याहून येतो, वय एकोणीस, हात चलाख. पाच मिनिटांत त्यानं स्क्रीन माझ्याकडे वळवली. नाना पाटेकर.

"अरे, जयंती म्हणतायत ते. जिवंत माणसाची जयंती करतात का?"

"ताई, नुसतं नाना टाकलं तर हेच येतात."

त्याचं खोटं नव्हतं. मागे एकदा सांगलीकडच्या मंडळींचा ३ ऑगस्टचा बोर्ड होता, क्रांतिसिंह नाना पाटलांचा. तेव्हाही त्यानं 'क्रांती नाना' एवढंच टाकलं आणि समोर १९९४ सालच्या 'क्रांतिवीर'चं पोस्टर आलं. प्रतिसरकारचे नाना आणि पडद्यावरचे नाना यांच्यात 'सिंह' आणि 'वीर' एवढाच फरक. ते तेव्हा वेळेवर लक्षात आलं होतं, म्हणून या वेळी मी जरा गाफील राहिले असेन.

पोरानं पुन्हा शोधलं. 'नाना जयंती फेब्रुवारी.' आता पगडीवाले, लांबट चेहऱ्याचे, बारीक अंगाचे एक गृहस्थ आले. खाली जन्मतारीख १२ फेब्रुवारी. पोरगा म्हणाला, "दोन दिवस पुढेमागे आहे, पण मंडळं सोयीनंच करतात ना." फोटो जुना, माणूस जुना, डोक्याला पगडी. मी मान हलवली आणि पुढच्या कामाला लागले.

मजकूर चारच्या सुमाराला आला: 'मुंबईचे आद्य शिल्पकार, भारतीय रेल्वेचे प्रणेते, नामदार जगन्नाथ उर्फ नाना शंकरशेट यांना जयंतीनिमित्त विनम्र अभिवादन.' स्वच्छ, पूर्ण नावानिशी. माझ्या डोळ्यांसमोरून गेला, मीच तो बसवला. पण मोबाइलवरून आलेला युनिकोड मजकूर आमच्या जुन्या कोरलमध्ये टाकला की जोडाक्षरं फुटतात, 'प्रणेते'तला प्र पंगू होतो. मी अक्षरं जोडत बसले होते, माणूस बघितलाच नाही. नाना शंकरशेट मला माहीत नव्हते असंही नाही. शाळेत होते, पहिल्या रेल्वेच्या धड्यात. पण त्यांचा चेहरा कसा, हे काही डोक्यात नव्हतं.

प्रूफ पाठवलं. तीन वेळा परत आलं. पहिल्यांदा उपाध्यक्षांचा चेहरा सचिवांपेक्षा लहान दिसतोय म्हणून. दुसऱ्यांदा एका भाऊंचा गॉगल काढून दुसरा फोटो टाका म्हणून. तिसऱ्यांदा 'सहखजिनदार' राहिलं म्हणून. खालच्या लाइनीतले अकराच्या अकरा चेहरे अकरा जणांनी तपासले. मधोमध अर्धा बोर्ड व्यापून बसलेल्या माणसाकडे कोणीही पाहिलं नाही. शेवटी साडेसातला वर केलेला अंगठा आला. अंगठा आला की आमच्या धंद्यात ती सही. फाइलला नाव दिलं 'नाना फायनल ४' आणि मागे पाठवून दिली.

मशीनवर पंडितजी असतात. कानपूरचे, बारा वर्षं आमच्याकडे. प्रिंट निघाली, सुकायला लटकवली, सगळ्या गाळ्यात सॉल्व्हंटचा तो डोक्यात जाणारा वास भरला. दहाच्या पुढे समोरच्या चाळीतले सर खाली उतरले. निवृत्त संस्कृतचे शिक्षक, वय ब्याऐंशी, रात्री जेवल्यावर शतपावली आमच्या दुकानापर्यंत. मंडळाच्या पोरांनी त्यांना उद्या दोन शब्द बोलायला बोलावलं होतं, म्हणून बोर्ड बघायला आले.

सरांनी चष्मा कपाळावर चढवला, बोर्डाच्या अगदी जवळ गेले. मग दोन पावलं मागे आले.

"अगं, हे कोण?"

"नाना, सर."

"ते दिसतंय. कुठले नाना?"

मी गप्प.

"हे नाना फडणवीस. जेम्स वेल्स नावाच्या स्कॉटिश चित्रकारानं पुण्यात बसून काढलंय हे चित्र. हे गृहस्थ वारले १३ मार्च १८०० ला. आमचे नाना जन्मले १० फेब्रुवारी १८०३ ला. आणि आपली गाडी बोरीबंदरहून ठाण्याला निघाली १६ एप्रिल १८५३ ला." मग इंजिनाकडे बोट दाखवून म्हणाले, "मेल्यावर त्रेपन्न वर्षांनी तू यांना गाडीत बसवलंस."

दिव्याचा पोरगा हसायला लागला. मी त्याच्याकडे असं पाहिलं की तो पाणी आणायला गेला.

लगेच कार्यकर्त्याला फोन लावला. तो म्हणाला, "ताई, कोणाला कळतंय? पगडी आहे ना? सकाळी सहाला लावायचाय." माझ्या मनातही क्षणभर तेच आलं होतं, खोटं कशाला बोलू. ऐंशी चौरस फुटांचा माल होता आणि तो कोणाच्या खात्यावर पडणार हे मला ठाऊक होतं. पण सरांनी हात पुढे केला, फोन घेतला आणि त्या पोराला अगदी शांतपणे म्हणाले, "बाळा, मग मी उद्या पेशवाईवर बोलू का?" पलीकडे थोडा वेळ आवाज नाही. मग, "नको सर. ताईंना सांगा बदलायला."

या गडबडीत पंडितजी पुढे आले. त्यांना वेगळीच शंका. "दीदी, नाना तो हमारे यहाँ के हैं. बिठूर के." कानपुरात नानाराव पार्क आहे, लहानपणी ते तिथं खेळलेले. त्यांना वाटत होतं, मुंबईवाले अठराशे सत्तावनच्या नानांची जयंती करतायत आणि फोटो कोणा मुनीमजीचा लावलाय. मोठ्यांच्या कामात बोलायचं नाही म्हणून संध्याकाळपासून गप्प बसले होते.

सरांना कोणी विषय काढून दिला की पुरे. प्लास्टिकच्या स्टुलावर बसले. म्हणाले, पंडितजी, तुमचे नानासाहेब म्हणजे धोंडोपंत, दुसऱ्या बाजीरावांनी दत्तक घेतलेले, मूळ घराणं कर्जतजवळच्या वेणगावचं. ("म्हणजे सेंट्रल लाइनवाले," पोरगा पुटपुटला.) त्यांच्याआधी एक नानासाहेब पेशवे झाले, पहिल्या बाजीरावांचे थोरले चिरंजीव, पानिपतानंतर २३ जून १७६१ ला पर्वतीवर वारले. ते बाळाजी बाजीराव. आणि हे बोर्डावरचे फडणवीस, ते बाळाजी जनार्दन. म्हणजे नानाही दोन आणि बाळाजीही दोन.

"बालाजी म्हणजे सिरियलवाले?" पोरानं विचारलं. त्याला खरंच शंका होती. सरांनी त्याच्या पाठीवर हात ठेवला आणि पुढे चालू राहिले.

"चुकणारी तूच पहिली नाहीस," मला म्हणाले. बिठूरच्या नानासाहेबांच्या डोक्यावर सरकारनं एक लाखाचं इनाम लावलं होतं. ते काही सापडले नाहीत. संशयावरून भलतीच माणसं मात्र पकडली. १८७४ साली ग्वाल्हेरला शिंद्यांनी एकाला नानासाहेब म्हणून इंग्रजांच्या ताब्यात दिला, मोठी चौकशी झाली, आणि निघाला दुसराच कोणीतरी. "तुझा बोर्ड सकाळपर्यंत बदलून होईल. त्या बिचाऱ्याचं काय झालं असेल बघ."

मला बरं वाटावं म्हणून म्हणाले असतील. पण मग त्यांनी काउंटरवरचं आमचं बिलबुक उचललं आणि वरच्या पत्त्यावर बोट ठेवलं.

"जे.एस.एस. म्हणजे काय गं?"

एकवीस वर्षं. रोज वीसएक बिलं. मला वाटायचं, असेल कुठलीतरी संस्था.

"जगन्नाथ शंकरशेट. ज्यांच्या रस्त्यावर बसून तू त्यांच्या जागी दुसऱ्याचा फोटो लावलास." पुढे हळूच म्हणाले, "आणि ग्रँट रोडला उतरून नाना चौकातून चालत येतेस ना रोज?"

मी विरारहून येते. हो, तिथूनच येते. त्या गोल स्कायवॉकखालून. 'नाना चौक' म्हणताना नाना कोण, हा प्रश्न मला कधी पडला नव्हता.

आता फोटो. नेटवरचा खरा फोटो होता, पण अंगठ्याच्या नखाएवढा. दहा फुटांवर ताणला की चेहऱ्याचे चौकोन होतात. टाउन हॉलात एशियाटिकमध्ये नानांचा संगमरवरी पुतळा आहे, पण रात्री पावणेअकराला तो कोण दाखवणार? सर वर गेले आणि एक तसबीर घेऊन आले. काचेची, मागे पुठ्ठा, कडेला कागदी पट्टी पिवळी पडून कडक झालेली. काचेवर ट्यूबलाइट चमकत होती, म्हणून काच काढायची ठरली. पंडितजींनी कटरनं पट्टी सोडवली, पकडीनं आठ गंजके खिळे उपसले आणि ओळीनं माझ्या माउसपॅडवर ठेवले, परत तेच ठोकायचे म्हणून. पुठ्ठा उचलला तर आतून चंदेरी कसर सरसर पळाली. नाना ठीक होते. फक्त डाव्या खांद्याच्या शेल्याला कसरीनं बोटभर खाल्लं होतं. तो शेला मी उजव्या बाजूचा उचलून भरला. सरांना सांगितलं नाही, आणि कोणाला अजून दिसलेला नाही.

मी चेहरा कापत होते आणि सर मागे बसून बोलत होते. रेल्वेसाठी १८४५ पासूनची खटपट. १८५२ ची बॉम्बे असोसिएशन. मॅट्रिकला संस्कृतात पहिल्या येणाऱ्याला मिळणारी जगन्नाथ शंकरशेट शिष्यवृत्ती, जी १९१२ साली चिंतामणराव देशमुखांना मिळाली. हे सांगताना सरांचा आवाज थोडा खाली गेला. त्यांची स्वतःची थोडक्यात हुकली असावी, मी विचारलं नाही.

एक गोष्ट मात्र मला त्या रात्री फार आवडली. सर म्हणाले, नाना म्हटलं की नाटकवाल्यांना फडणवीस आठवतात, १९७२ साली 'घाशीराम कोतवाल' आलं तेव्हापासून तर जास्तच. पण ग्रँट रोडला १८४६ साली थिएटर उभं राहिलं, त्याला जागा दिली आपल्या नानांनी. विष्णुदास भावे १८५३ साली सांगलीहून मंडळी घेऊन मुंबईला आले, तेव्हा त्यांचे खेळ त्या थिएटरातही झाले. "स्टेजवर नाचले ते नाना, आणि स्टेजला जागा दिली ते नाना. तुमच्या फाइलीत दोघांचं नाव एकच." मी निमूटपणे फाइलचं नाव बदललं: 'शंकरशेट फायनल'.

दुसरी प्रिंट लावली तेव्हा एक वाजून गेला होता. आमचा रोल दहा फुटी, बोर्ड आठ फुटी लावला की कडेला दोन फुटांचा पट्टा कोरा जातो, तो कापून फेकतो. पंडितजी मशीनजवळ घुटमळत होते. मी म्हटलं, बोला. म्हणाले, दीदी, त्या पट्ट्यात बिठूरवाले बसतील का? शेठ नव्हते. मी बसवले. दोन फूट बाय तीन, मिश्या आणि शिरपेचासकट. मशीनचं हेड एका फेरीत मुंबईच्या नानांच्या शेल्यावरून जाई आणि तसंच पुढे सरकून कानपूरच्या नानांच्या मिशीवर. पंडितजी मशीनच्या झाकणावर हात ठेवून एकटक बघत उभे होते. होळीला गावी गेले तेव्हा तो पट्टा पुठ्ठ्याच्या नळीत घालून घेऊन गेले.

सकाळी सहाला बोर्ड लागला. मी तेव्हा विरार लोकलमध्ये झोपले होते, कार्यक्रम बघितला नाही. कार्यकर्त्यानं फोटो पाठवले. त्यात खालच्या लाइनीतले अकरा जण स्वतःच्या चेहऱ्यांसमोर उभे आहेत, त्यामुळे बोर्डावरचं कोणीच दिसत नाही, फक्त वर नाना. शेठनी पहिल्या फ्लेक्सचे अर्धे पैसे माझ्या पगारातून कापले. अर्धे स्वतः सोसले, म्हणजे माणूस वाईट नाही.

आणि तो पहिला फ्लेक्स अजून आमच्याकडेच आहे. पंडितजींनी दोन घड्या करून मशीनखाली अंथरलाय, शाई ठिबकते ती झेलायला. इंजिन आणि अभिवादन निळ्या शाईत बुडालंय, पण घडी अशी पडलीय की फडणवीसांचा एक डोळा वर राहिलाय. नवीन गिऱ्हाईक मागे आलं की खाली बघतं आणि विचारतं, हे कोण?